‘सर्व काही’ची व्याप्ती : दिल्लीचे १९६१ चे अधिवेशन आणि ख्रिस्ती सृष्टिविचार

१

१९६१ च्या नोव्हेंबरात नवी दिल्लीतील विज्ञान भवनात वर्ल्ड कौन्सिल ऑफ चर्चेस या जागतिक परिषदेचे तिसरे अधिवेशन भरले. पहिले अधिवेशन १९४८ साली ॲम्स्टरडॅमला आणि दुसरे १९५४ साली अमेरिकेतील एव्हॅन्स्टन येथे झाले होते. आशियाच्या भूमीवरील हे पहिलेच. १९ नोव्हेंबर ते ५ डिसेंबर असे सतरा दिवस चाललेल्या या अधिवेशनाची नोंद चर्चचे इतिहासकार प्रायः तीन कारणांसाठी घेतात. रशिया, रुमानिया, बल्गेरिया व पोलंड येथील ऑर्थोडॉक्स चर्च या वेळी परिषदेत दाखल झाली. आंतरराष्ट्रीय मिशनरी परिषद या जागतिक परिषदेत विलीन झाली. आणि रोमन कॅथलिक चर्चने प्रथमच आपले अधिकृत निरीक्षक पाठविले. ही तिन्ही कारणे महत्त्वाची आहेत, यात संशय नाही. परंतु याच अधिवेशनात एक भाषण असे झाले की, ज्याचे महत्त्व त्या वेळच्या श्रोत्यांपैकी थोड्यांनाच उमगले आणि जे आज, सहा दशके लोटल्यावर, त्या तिन्ही घटनांपेक्षाही दूरवरचे वाटू लागले आहे.

भाषण होते शिकागो विद्यापीठातील लूथरन धर्मचिंतक जोसेफ सिट्लर यांचे. त्यांना विषय नेमून दिला होता तो ऐक्याचा. विभागलेल्या चर्चनी एकत्र का यावे, कोणत्या पायावर यावे, याचे विवेचन त्यांच्याकडून अपेक्षित होते. सिट्लर ऐक्याविषयीच बोलले. पण ज्या ऐक्याचा त्यांनी उच्चार केला ते केवळ चर्चा-चर्चांमधील नव्हते. ख्रिस्ताच्या ठायी ज्याचे ऐक्य साधावयाचे त्यात माती, पाणी, वनस्पती, प्राणी आणि अणूसुद्धा येतो, असे त्यांनी प्रतिपादन केले. उद्धाराची व्याप्ती निर्मितीच्या व्याप्तीहून लहान असू शकत नाही, हा त्यांच्या विवेचनाचा गाभा होता.

या प्रतिपादनाचा काळ ध्यानात घेण्याजोगा आहे. रेचल कार्सन यांचे ‘सायलेंट स्प्रिंग’ प्रसिद्ध झाले १९६२ मध्ये. ख्रिस्ती परंपरेनेच निसर्गाच्या विध्वंसाला तात्त्विक आधार पुरविला, हा इतिहासकार लिन व्हाइट यांचा गाजलेला आरोप १९६७ च्या मार्चमध्ये ‘सायन्स’ या नियतकालिकात आला. म्हणजे आरोपपत्र दाखल होण्याच्या पाच वर्षे आधीच त्याच्या उत्तराचा एक महत्त्वाचा भाग दिल्लीत उच्चारला गेला होता. मग तो ऐकला का गेला नाही, आणि ज्या नगरीत तो उच्चारला गेला तिच्याशी त्याचा काय संबंध, हे दोन प्रश्न इतिहासाच्या अभ्यासकाला टाळता येत नाहीत.

२

सिट्लर यांनी आपल्या भाषणाचा आधार म्हणून पौलाच्या नावावरील कलस्सैकरांस पत्राच्या पहिल्या अध्यायातील एक स्तोत्रसदृश उतारा घेतला होता. या उताऱ्यात ‘ता पांता’ हा ग्रीक शब्दप्रयोग पुनःपुन्हा येतो. तो नपुंसकलिंगी बहुवचनी आहे. त्याचा अर्थ ‘सर्व माणसे’ असा होत नाही. ‘सर्व वस्तू’, ‘जे जे आहे ते सर्व’ असाच होतो. जे निर्माण झाले ते सर्व ख्रिस्ताद्वारे झाले, त्याच्या ठायी ते सर्व टिकून आहे आणि त्याच्याद्वारे त्या सर्वाचा देवाशी समेट व्हावयाचा आहे, असा त्या उताऱ्याचा आशय होय. सिट्लर यांनी या एका लहानशा शब्दप्रयोगावर आपला सारा भार टाकला. पाश्चात्त्य ख्रिस्ती विचाराने निर्मितीच्या बाबतीत ‘सर्व’ मानले, पण समेटाच्या बाबतीत त्या ‘सर्वा’चा संकोच करून तो केवळ माणसांपुरता, किंबहुना माणसाच्या अंतःकरणापुरता उरवला, अशी त्यांची तक्रार होती.

हा संकोच कसा घडला, याचा इतिहासही त्यांनी मांडला. दुसऱ्या शतकातील इरेनियस या आचार्यांच्या विचारात निर्मिती आणि उद्धार ही एकाच देवाच्या एकाच कार्याची दोन अंगे होती. पौर्वात्य चर्चने ही दृष्टी बऱ्याच अंशी जतन केली. पश्चिमेत मात्र ऑगस्टीनपासून पुढे निसर्ग आणि कृपा यांच्यामध्ये अंतर पडत गेले आणि प्रबोधनयुगानंतर ते अंतर दरीत रूपांतरित झाले. निसर्ग विज्ञानाच्या स्वाधीन करण्यात आला आणि धर्माने आपल्याकडे नीती व अंतःकरण एवढेच राखून ठेवले. ही वाटणी वरवर पाहता सोयीची होती. विज्ञानाला मोकळीक मिळाली आणि धर्माला शांतता लाभली. परंतु त्या वाटणीत निसर्गाला कोणी वाली उरला नाही.

सिट्लर यांच्या भाषणात अणूचा उल्लेख येतो, तो अलंकार म्हणून नव्हे. अधिवेशन सुरू होण्याच्या तीन आठवडे आधी, ३० ऑक्टोबर १९६१ रोजी, सोव्हिएत रशियाने तोपर्यंतच्या इतिहासातील सर्वांत प्रचंड हायड्रोजन बाँबचा स्फोट घडविला होता. ज्या काळात अणूलाच संहाराचे साधन बनविता येते त्या काळात अणूही देवाच्या इच्छेच्या कक्षेत आणला पाहिजे, हे म्हणणे त्या सभागृहात बसलेल्यांना तरी केवळ काव्य वाटण्याचे कारण नव्हते.

३

तथापि भाषणाचे स्वागत संमिश्र झाले. ऑर्थोडॉक्स परंपरेतील श्रोत्यांना त्यात आपल्याच आचार्यांचा स्वर ऐकू आला असल्यास नवल नाही. युरोपातील, विशेषतः जर्मन वळणाच्या प्रॉटेस्टंट चिंतकांना मात्र ते खटकले. पाप, न्याय आणि क्रूस यांचे गांभीर्य या विश्वव्यापी भाषेत विरघळून जाते, असा त्यांचा आक्षेप होता. हा आक्षेप केवळ पांडित्यातून आलेला नव्हता. जर्मनीत हिटलरच्या राजवटीत ‘रक्त आणि भूमी’ यांना पावित्र्य देणारा एक ख्रिस्ती म्हणविणारा पंथ उभा राहिला होता आणि १९३४ च्या बार्मेन जाहीरनाम्याने त्याचा धिक्कार केला होता. निसर्गात, वंशात, इतिहासाच्या घटनांत देवाचा स्वतंत्र साक्षात्कार शोधणे किती घातक ठरते, हे ज्यांनी डोळ्यांनी पाहिले होते त्यांना मातीविषयीच्या प्रत्येक गौरवोद्गारात जुना धोका दिसावा, हे समजण्यासारखे आहे.

भारतीय ख्रिस्ती विचारवंतांचे मौन अधिक विचारात पाडणारे आहे. त्याच अधिवेशनात बंगलोरच्या धर्म व समाज अभ्यास संस्थेचे संचालक पी. डी. देवानंदन यांचेही भाषण झाले. त्यांच्या लेखनात ‘नवी सृष्टी’ ही संकल्पना मध्यवर्ती होती. पण तिचा रोख नव्या मानवतेकडे, धर्माधर्मांतील भिंती ओलांडणाऱ्या नव्या समाजाकडे होता. देवानंदन १९६२ मध्ये निवर्तले. त्यांच्यानंतर एम. एम. थॉमस यांनी जो विचार पुढे नेला त्याचा केंद्रबिंदूही इतिहास आणि मानवीकरण हाच राहिला. यामागील प्रेरणा समजून घेतली पाहिजे. ज्या देशात जातिव्यवस्थेला निसर्गनियमाचे रूप देण्यात आले होते, दारिद्र्याला प्राक्तन म्हटले जात होते, तेथे ख्रिस्ती विचारवंताला ‘निसर्ग’ हा शब्द मुक्तीचा वाटण्याऐवजी बंधनाचा वाटावा, हे स्वाभाविक होते. इतिहास बदलता येतो, निसर्ग मात्र सोसावाच लागतो, अशी त्या पिढीची धारणा होती. शिवाय १९६१ हे तिसऱ्या पंचवार्षिक योजनेच्या प्रारंभाचे वर्ष. भाक्रा धरण पूर्णत्वास येत होते. धरणे, खते, पोलाद यांतच देशाची सुटका आहे, या विश्वासात ख्रिस्ती नागरिकही मनापासून सामील होते.

आणि तरीही ज्या नगरीत हे अधिवेशन भरले तिला निसर्गाने नुकताच एक कठोर धडा दिला होता. १९५५ च्या पुरानंतर यमुनेचे पात्र सरकले आणि नजफगड नाल्यातील मैला उलट वाहून वझीराबादच्या पाणीपुरवठा केंद्रात शिरला. नोव्हेंबर १९५५ ते जानेवारी १९५६ या काळात दिल्लीत सुमारे २९,००० लोकांना कावीळ झाली. पाण्यात क्लोरीन वाढवूनही रोगाचा विषाणू आटोक्यात आला नाही. हा विषाणू ‘हेपटायटिस ई’चा होता, हे संशोधनातून पुष्कळ वर्षांनी उघड झाले. विज्ञान भवन उभे राहिले ते याच १९५६ साली, युनेस्कोच्या महासभेसाठी. म्हणजे ज्या वास्तूत सिट्लर बोलले ती वास्तू आणि ती साथ यांच्यात काही महिन्यांचेच अंतर होते. शहराने आपला मैला ज्या नदीत टाकला तिच्याचकडून आपले पिण्याचे पाणी मागितले, एवढीच या साथीची कथा. कृपा आणि निसर्ग यांच्यातील दरीचे याहून ठसठशीत उदाहरण कोणत्याही धर्मग्रंथात मिळणार नाही. पण ते उदाहरण अधिवेशनाच्या विषयपत्रिकेवर नव्हते.

४

लिन व्हाइट यांच्या आरोपाचा मुख्य रोख उत्पत्तीच्या पहिल्या अध्यायावर होता. तेथे माणसाला पृथ्वी अंकित करण्याचा आणि प्राणिमात्रावर सत्ता गाजविण्याचा अधिकार दिला आहे. या अधिकारातूनच पाश्चात्त्य यंत्रयुगाची उद्धट वृत्ती जन्मली, असे त्यांचे म्हणणे. या आरोपाची छाननी करताना मूळ शब्दांकडे वळावे लागते आणि येथे प्रश्न भाषांतरकाराच्या दारात येऊन उभा राहतो.

मूळ हिब्रूत दोन क्रियापदे आहेत. ‘काबाश’ म्हणजे पायाखाली घालणे, अंकित करणे. या शब्दाचा कठोरपणा लपविता येत नाही आणि लपवूही नये. दुसरे क्रियापद ‘रादा’. ते राजाच्या अंमलासाठी वापरले जाते. पण लेवीयाच्या पुस्तकात मजुरावर कठोरपणे अंमल गाजवू नये, अशी आज्ञा आहे आणि यहेज्केलाच्या ग्रंथात कळपावर जुलमाने सत्ता चालविणाऱ्या मेंढपाळांचा निषेध आहे. या दोन्ही ठिकाणी क्रियापद हेच. अंमलाला ‘कठोरपणे’ हे विशेषण स्वतंत्रपणे जोडावे लागते, यावरून तो शब्द स्वभावतःच जुलमाचा वाचक नाही, हे दिसते. शिवाय त्याच अध्यायात पुढे माणसाला व पशूंना अन्न म्हणून नेमून दिली आहे ती केवळ वनस्पती. मांसाची मुभा नोहाच्या कथेपर्यंत येत नाही. ज्या सत्तेत प्रजेला मारून खाण्याचीही परवानगी नाही ती सत्ता लुटारूची कशी म्हणता येईल?

दुसऱ्या अध्यायात तर चित्र निराळेच आहे. तेथे माणसाला बागेत ठेवले जाते ते दोन कामांसाठी. ‘आबाद’ आणि ‘शामार’ ही ती क्रियापदे. पहिल्याचा अर्थ जमीन कसणे असा होतो, तसाच सेवा करणे, उपासना करणे असाही होतो. दुसऱ्याचा अर्थ राखणे. देवाच्या आज्ञा पाळणे आणि देवाने माणसाचा सांभाळ करणे या दोहोंसाठी हिब्रूत हेच क्रियापद येते. लेवीयाच्या पंचविसाव्या अध्यायात याची व्यावहारिक बाजू दिसते. सातव्या वर्षी जमिनीला विसावा द्यावयाचा. जमीन कायमची विकावयाची नाही, कारण ती देवाची आहे आणि माणसे तिच्यावर राहणारी उपरी आहेत. १९४८ च्या मुंबई कूळ कायद्याने ज्या महाराष्ट्राला जमिनीच्या मालकीचा प्रश्न शिकविला त्या महाराष्ट्रातील वाचकाला ही कल्पना परकी वाटू नये. या दृष्टीने पाहता अखिल मानवजात ही देवाच्या जमिनीवरील कूळ आहे. फरक एवढाच की या कुळाला मालक होण्याचा हक्क कोणताही कायदा देत नाही.

मराठीत ‘शामार’साठी ‘राखण’ हा शब्द सहज सुचतो आणि तो सुंदर आहे. राखणदार पिकाचा मालक नसतो. पण पीक राहते ते त्याच्या जागरणावर. तथापि या शब्दाला मराठी गावगाड्याचा एक कडू इतिहास चिकटलेला आहे. शिवाराची राखण ज्यांच्याकडे होती त्यांना त्या शिवारात मानाने पाय ठेवण्याचीही मुभा नव्हती. हाती पडत होते ते बलुते आणि अवहेलना. अहमदनगरच्या परिसरात अमेरिकन मराठी मिशनच्या प्रयत्नांतून जे ख्रिस्ती झाले त्यांतील बहुसंख्य महार व मांग समाजांतून आले होते. पृथ्वीवर सत्ता चालविण्याचे वचन त्यांनी ऐकले असेल तेव्हा त्यांच्या नावावर बहुधा एक गुंठाही जमीन नव्हती. अशा माणसांना ‘तुम्ही निसर्गावर फार सत्ता गाजविली’ असा उपदेश करणे हा क्रूर विनोद ठरेल. ख्रिस्ती सृष्टिविचाराला जर भारतात अर्थ असावयाचा असेल तर सृष्टीची राखण आणि राखणदाराची प्रतिष्ठा हे दोन प्रश्न वेगळे करता येणार नाहीत. १९८३ च्या व्हँकुव्हर अधिवेशनापासून जागतिक परिषदेने न्याय, शांती आणि सृष्टीची अखंडता ही त्रयी एकत्र मांडली, त्यामागेही हीच जाणीव होती.

५

दिल्लीत उच्चारलेल्या विचाराला भारतीय उत्तर मिळाले ते दिल्लीशीच निगडित असलेल्या एका विद्वानाकडून. केरळच्या ऑर्थोडॉक्स चर्चचे पॉल वर्गीस १९७५ साली बिशप झाले, पाउलोस मार ग्रेगोरियोस या नावाने ओळखले जाऊ लागले आणि पुढे १९९६ मध्ये निधन होईपर्यंत दिल्लीच्या धर्मप्रांताची धुरा त्यांच्याकडे राहिली. १९७८ मध्ये जिनिव्हाहून प्रसिद्ध झालेल्या ‘द ह्यूमन प्रेझेन्स’ या त्यांच्या छोट्या ग्रंथात या प्रश्नाची जी उकल आहे ती अनेक पाश्चात्त्य ग्रंथांपेक्षा मूलगामी आहे. १९७९ साली मॅसॅच्युसेट्स येथे श्रद्धा, विज्ञान आणि भविष्य या विषयावर जागतिक परिषदेने जी मोठी परिषद भरविली तिचे सूत्रसंचालनही त्यांनीच केले होते.

व्हाइट यांच्या आरोपानंतर पाश्चात्त्य ख्रिस्ती लेखकांनी घाईघाईने एक उत्तर शोधले होते : माणूस सृष्टीचा मालक नसून विश्वस्त आहे. ग्रेगोरियोस यांना हे उत्तर अपुरे वाटले. विश्वस्ताच्या दृष्टीनेही सृष्टी ही अखेर एक मालमत्ताच राहते. मालक बदलला, व्यवहार तोच. त्यांनी चौथ्या शतकातील न्यासाचे ग्रेगरी यांच्या विचाराचा आधार घेऊन माणसाला मध्यस्थाचे, पुरोहिताचे स्थान दिले. माणूस मातीचाही आहे आणि देवाच्या प्रतिमेचाही आहे. म्हणून सृष्टीच्या वतीने देवापुढे उभे राहणे आणि देवाच्या वतीने सृष्टीत वावरणे हे त्याचे कार्य होय. निसर्गावरील प्रभुत्व त्यांनी नाकारले नाही. विज्ञानाविषयी त्यांना आदरच होता. परंतु प्रभुत्वाच्या जोडीला गूढाची जाणीव असली पाहिजे, आणि एका हाताने जे हाताळावयाचे ते दुसऱ्या हाताने अर्पण करता आले पाहिजे, असा त्यांचा आग्रह होता. ऑर्थोडॉक्स उपासनेत अर्पण केली जाते ती भाकर आणि द्राक्षारस. नुसता गहू आणि नुसती द्राक्षे नव्हेत. निसर्गाचे देणे आणि माणसाचे श्रम एकत्र येऊन ते अर्पण सिद्ध होते. येथे श्रमाचाही सन्मान आहे, आणि म्हणूनच हा विचार देवानंदन व थॉमस यांच्या मानवीकरणाच्या विचाराला छेद न देता त्याला खाली माती पुरवितो.

कॅथलिक चर्चही या वाटेवर क्रमाक्रमाने आले. लिन व्हाइट यांनी आपल्या लेखाच्या शेवटी असिसीचे संत फ्रान्सिस यांना पर्यावरणाचे आश्रयदाते संत मानावे, अशी सूचना केली होती. १९७९ मध्ये पोप दुसरे जॉन पॉल यांनी ती प्रत्यक्षात आणली. याच पोपनी ६ नोव्हेंबर १९९९ रोजी दिल्लीत आशियातील चर्चविषयीचे आपले प्रबोधनपत्र प्रसृत केले आणि त्यातील एक स्वतंत्र परिच्छेद पर्यावरणाला दिला. पुढे २०१५ मध्ये पोप फ्रान्सिस यांच्या ‘लाउदातो सी’ या परिपत्रकाने हा विषय सर्वतोमुखी केला आणि त्यात उत्पत्तीच्या दुसऱ्या अध्यायातील ‘कसणे’ व ‘राखणे’ या शब्दांचा नेमका विचार झाला. दिल्लीपुरते बोलावयाचे तर १९६१ आणि १९९९ या दोन नोव्हेंबरांमध्ये एक अदृश्य धागा आहे, असे म्हणण्यास हरकत नाही.

६

मराठीपुरता विचार केला तर असे दिसते की, सृष्टिभाव येथील ख्रिस्ती साहित्याला प्रारंभापासून परका नव्हता. फादर स्टीफन्स यांनी १६१६ मध्ये रायतूरला प्रसिद्ध झालेल्या ‘क्रिस्तपुराणा’त मराठी भाषेचा गौरव केला तेव्हा त्यांना उपमा सुचल्या त्या रत्नांच्या, येथील फुलांच्या आणि पक्ष्यांच्या. इंग्लंडात जन्मलेला हा जेझुइट मोगऱ्याचा आणि मोराचा हात धरून मराठीत आला. रेव्हरंड नारायण वामन टिळकांना तर ‘फुलामुलांचे कवी’ हीच पदवी मिळाली. त्यांच्या ‘वनवासी फूल’सारख्या रचनेत निसर्ग हा माणसाच्या भावनांचे नेपथ्य म्हणून येत नाही, त्याला स्वतःचे मन आणि स्वतःचे म्हणणे आहे. बालकवी ठोमरे यांना टिळकांच्या घराचा आसरा लाभला, ही गोष्ट ‘स्मृतिचित्रे’च्या वाचकांना ज्ञात आहे. मराठीतील श्रेष्ठ निसर्गकवीचा काही काळ एका ख्रिस्ती उपदेशकाच्या घरी जावा, याला वाङ्मयेतिहासात केवळ योगायोगापेक्षा अधिक अर्थ आहे.

परंतु भाव असणे आणि सिद्धान्त असणे यांत अंतर आहे. सिद्धान्ताचे काम भाषांतरात होते. पंडिता रमाबाईंनी केडगावच्या मुक्तिसदनात हिब्रू व ग्रीक शिकून संपूर्ण बायबलचे मराठी भाषांतर एकहाती सिद्धीस नेले. १९२२ मध्ये त्यांचे निधन झाले आणि १९२४ मध्ये ते ग्रंथरूपाने प्रकाशित झाले. वेदान्ताच्या वासाचे संस्कृत शब्द टाळावेत आणि साध्या बाईमाणसाला कळेल अशी भाषा वापरावी, हे त्यांचे धोरण होते. त्या धोरणाच्या कसोटीवर ‘ता पांता’चा प्रश्न मोठा नाजूक ठरतो. ‘चराचर’ म्हटले तर संतवाङ्मयाचे सारे वैभव त्या शब्दाबरोबर येते; पण देव आणि सृष्टी यांच्यातील भेद पुसला जाण्याची भीतीही त्याबरोबर येते. ‘सर्व’ म्हटले तर भेद राहतो, पण अर्थ निसटतो. मराठीत नपुंसकलिंग जिवंत असूनही ‘सर्व’ हे विशेषण लिंगानुसार बदलत नाही; आणि ते एकटे उभे राहिले की मराठी कानाला ‘सर्व लोक’ असेच ऐकू येते. म्हणजे सिट्लर यांनी ज्या संकोचाची तक्रार केली तो मराठीत व्याकरणाच्या वाटेने आपोआप घडू शकतो. ‘सर्व काही’ हा साधा, घरगुती शब्दप्रयोग या पेचातून वाट काढतो. त्यात तत्त्वज्ञानाचा डौल नाही. परंतु त्यात विहीर येते, गोठा येतो, बांधावरचे झाड येते.

हा अर्थ कागदावरून जमिनीवर उतरला तो वसईत. तेथील ख्रिस्ती समाज शतकानुशतके वाड्यांवर जगला. केळी, पानवेली, फुले आणि भाजीपाला यांची ही शेती विहिरींच्या आणि बावखळांच्या गोड्या पाण्यावर उभी होती. मुंबईच्या विस्ताराचा लोंढा १९८० च्या दशकाच्या अखेरीस वसईवर आला. जमिनी इमारतींखाली जाऊ लागल्या, बावखळे बुजविली जाऊ लागली, विहिरींचे पाणी टँकरने उपसले जाऊ लागले आणि समुद्राकाठच्या विहिरी मचूळ होऊ लागल्या. याविरुद्ध उभ्या राहिलेल्या हरित वसई संरक्षण समितीचे नेतृत्व फादर फ्रान्सिस दिब्रिटो यांनी केले. ‘सुवार्ता’ या मासिकाचे दीर्घकाळ संपादक असलेले, २०२० मध्ये उस्मानाबादच्या अखिल भारतीय मराठी साहित्य संमेलनाचे अध्यक्षपद भूषविणारे आणि २०२४ मध्ये दिवंगत झालेले दिब्रिटो हे ‘सुबोध बायबल’चे कर्तेही होते. उत्पत्तीतील राखणीचा शब्द मराठीत आणणारा हात आणि टँकरांविरुद्धच्या मोर्चात उंचावलेला हात एकाच माणसाचा असावा, ही मराठी ख्रिस्ती इतिहासातील एक अर्थपूर्ण घटना आहे. आणि हेही नोंदविले पाहिजे की त्या चळवळीत केवळ ख्रिस्ती नव्हते. पाणी मचूळ होते तेव्हा ते कोणत्याही एका धर्माच्या विहिरीत होत नाही.

७

या साऱ्या इतिहासातून एक निष्कर्ष निघतो, तो कोणत्याही परंपरेला फारसा सुखावणारा नाही. लिन व्हाइट यांनी ख्रिस्ती परंपरेवर ठेवलेला दोष अंशतः खरा आहे. ‘काबाश’ हा शब्द ग्रंथात आहे आणि त्याचा उपयोग लुटीसाठी झाला आहे. परंतु त्या आरोपाच्या आधारे भारतीय मनाने आपली पाठ थोपटून घ्यावी, अशीही स्थिती नाही. यमुनेला माता मानणाऱ्या, तिच्या काठी आरती करणाऱ्या समाजाच्या राजधानीत वझीराबाद ते ओखला हा नदीचा सुमारे २२ किलोमीटरांचा पट्टा, म्हणजे तिच्या एकूण लांबीच्या दोन टक्क्यांहूनही कमी भाग, तिच्या प्रदूषणाचा सर्वांत मोठा वाटेकरी आहे. पावित्र्याची भावना मैला रोखत नाही, तशीच विश्वस्तपणाची भावनाही रोखत नाही. दोन्ही परंपरांत उणीव आहे ती शब्दांची नव्हे. शब्दांच्या व्याप्तीची आहे. ‘सर्व’ म्हणताना कोण मोजले जाते आणि कोण वगळले जाते, हा खरा प्रश्न होय.

सिट्लर १९८७ मध्ये निवर्तले. त्यांचे दिल्लीचे भाषण आता ख्रिस्ती पर्यावरणविचाराच्या इतिहासातील आरंभीचा टप्पा म्हणून जगभर उल्लेखिले जाते. दिल्लीत मात्र नोव्हेंबर आला की हवा धुराने जड होते आणि ती हवा श्वासात घेणाऱ्यांत विज्ञान भवनाच्या पायऱ्या झाडणारा मजूर, तेथे व्याख्यान देणारा विद्वान आणि रस्त्याकडेच्या कडुनिंबावरचा पक्षी हे सर्व सारखेच सामील असतात. कलस्सैकरांस पत्रातील नपुंसकलिंगी बहुवचनाचे यापेक्षा स्पष्ट भाष्य मिळणे कठीण. ते भाष्य उपासनेच्या भाषेत कसे आणावे, हे काम चर्चचे आहे. आणि ते मराठीत आणताना ‘सर्व’ या शब्दाशेजारी ‘काही’ हा शब्द गळू न देणे, हे भाषांतरकाराचे.